समता हा भ्रम आहे का? भाचीला द्यायचं राहिलेलं उत्तर

गेल्या आठवड्यात भाचीचा फोन आला. ती कायद्याच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि एका वकिलांकडे काम शिकते. तिने पहिल्यांदा मन लावून वाचलेलं प्रकरण एका कामगार बाईंचं होतं. यंत्रात हात गेला, भरपाईचा दावा लावला, तो अकरा वर्षं चालला. निकाल परवा लागला, व्याजासकट बाईंच्या बाजूने. बाई गेल्या वर्षीच वारल्या होत्या.

"मावशी, हा न्याय नेमका कुणाला मिळाला गं?" ती म्हणाली. आणि मग, आवाज चढवून, "न्याय, समता ही माणसांनी स्वतःची समजूत घालायला रचलेली गोष्ट आहे. निसर्गात नाही, इतिहासात नाही, कोर्टात तर नाहीच."

मी "असं नसतं गं" एवढंच म्हणाले. फोन ठेवल्यावर लाज वाटली. ज्या प्रश्नाने तिला झोप लागत नव्हती, त्यावर मी नुसता हात फिरवला होता. म्हणून हे लिहितेय. लांबेल, पण लांबू दे.

तिचा मुद्दा नवा नाही, आणि हलका तर मुळीच नाही. न्याय म्हणजे बलवानाची सोय, हे प्लेटोच्या संवादात थ्रॅसिमॅकस बजावून सांगतो, त्याला दोन हजार तीनशे वर्षं उलटून गेली. इंग्लिश तत्त्वज्ञ जेरेमी बेंथमने फ्रेंच क्रांतीतल्या 'नैसर्गिक हक्कां'ना निव्वळ बडबड ठरवलं होतं. आणि ज्यांनी समतेची वाक्यं कोरून ठेवली त्यांचं वागणं बघा. सगळी माणसं समान निर्माण झाली आहेत, असं १७७६ मध्ये अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यात लिहिणाऱ्या थॉमस जेफरसनने आयुष्यभरात सहाशेहून जास्त माणसं गुलाम म्हणून बाळगली. १७८९ च्या फ्रेंच मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यात 'माणूस' म्हणजे पुरुष. १७९१ मध्ये ओलाँप द गूज या फ्रेंच लेखिकेने स्त्रियांच्या हक्कांचा जाहीरनामा लिहिला, आणि दोन वर्षांनी तिला गिलोटिनवर चढवलं. भाचीला इतिहासात न्याय दिसत नसेल तर तिचे डोळे अधू नाहीत.

तरीही मला वाटतं, ती दोन वेगळ्या गोष्टी एकाच पिशवीत भरते आहे. जग न्यायी आहे, ही एक गोष्ट. जग न्यायी असायला हवं, ही दुसरी. पहिली खरोखरच भ्रम आहे, आणि फार घातक भ्रम आहे.

मेल्विन लर्नर नावाच्या मानसशास्त्रज्ञाने आणि त्यांच्या सहकारी कॅरोलिन सिमन्स यांनी १९६६ मध्ये एक प्रयोग प्रसिद्ध केला होता. एका तरुणीला उत्तर चुकलं की विजेचे झटके बसतायत, असं लोकांना दाखवलं. झटके खोटे होते, ती अभिनय करत होती, पण बघणाऱ्यांना ते ठाऊक नव्हतं. सुरुवातीला लोक हळहळले. पण हा छळ चालूच राहणार आहे आणि आपल्या हातात काही नाही, असं ज्यांना वाटलं, त्यांनी हळूहळू तिलाच कमी लेखायला सुरुवात केली. तिने काही केलेलं नव्हतं. पण निर्दोष माणूस असा सोसत राहतो हे मान्य करण्यापेक्षा, तिच्यातच काहीतरी खोट असेल असं मानणं सोपं जातं.

हे मी स्वतः केलंय. माझ्या जवळच्या मैत्रिणीची नोकरी गेली तेव्हा माझ्या मनात पहिला विचार आला तो "हिचंच काहीतरी चुकलं असणार". तिचं काहीही चुकलेलं नव्हतं. पण तिचं चुकलं असेल तरच माझी नोकरी सुरक्षित होती ना! तो विचार मी कधी तिच्यापाशी बोलून दाखवला नाही, पण त्या महिन्यात मी तिला फोनही केला नाही. "ज्याला जे मिळतं ते त्याच्या लायकीनं मिळतं", हे वाक्य मी तेव्हापासून उच्चारलेलं नाही.

आता दुसरी बाजू बघू. भ्रमाची गरज खरी कुणाला पडते? प्लेटोने आपल्या आदर्श राज्याचा आराखडा मांडताना एक गोष्ट रचली: देवाने राज्यकर्त्यांत सोनं मिसळलं, रक्षकांत चांदी, आणि शेतकरी-कारागिरांत लोखंड नि पितळ. ही गोष्ट खोटी आहे हे तो लपवत नाही. लोकांनी ती खरी मानावी एवढीच त्याची अपेक्षा आहे. म्हणजे उतरंड टिकवायला थाप लागते, हे उतरंडीची बाजू घेणाऱ्यानेच सांगून टाकलं. काही माणसं निसर्गतःच गुलाम असतात, असं ॲरिस्टॉटल म्हणाला, आणि लगेच त्याला मान्य करावं लागलं की निसर्गाला हे दरवेळी साधत नाही, गुलामाचं शरीर पुष्कळदा स्वतंत्र माणसासारखंच निघतं. आणि कळस म्हणजे अमेरिकेतला डॉक्टर सॅम्युएल कार्टराइट. त्याने १८५१ मध्ये गुलामांच्या पळून जाण्याला चक्क एक आजार ठरवलं आणि त्याला नाव दिलं, ड्रेपटोमेनिया. साखळी तोडून पळणारा माणूस रोगी, आणि साखळी घालणारा शहाणा! राजांचा दैवी अधिकार, कवट्या मोजून लावलेली वंशांची प्रतवारी, शिकण्याने बाईची तब्येत बिघडते हा डॉक्टरी सल्ला. विषमतेला दर काही पिढ्यांनी नवी थाप शोधावी लागली, कारण जुनी उघडी पडत गेली.

समतेला असली थाप लागत नाही. हे मला सगळ्यात स्वच्छपणे कळलं ते बाबासाहेब आंबेडकरांच्या १९३६ च्या, लाहोरच्या सभेसाठी लिहिलेल्या पण देऊ न दिलेल्या भाषणामुळे. समतेवरचा आक्षेप ते टाळत नाहीत. माणसं सारखी नसतात, हे ते सरळ मान्य करतात. वारशाने मिळालेलं शरीर, घरातून आणि समाजातून मिळालेले संस्कार-शिक्षण, आणि स्वतःची मेहनत, तिन्ही बाबतींत माणसं असमान असतात. मग ते विचारतात: म्हणून त्यांना असमान वागवायचं का? मेहनतीत फरक असेल तर एक वेळ ठीक. पण पहिल्या दोन गोष्टींतही फरक करायला लागलात, तर ज्यांच्याकडे जन्म, पैसा, शिक्षण आणि घराण्याचं नाव आधीच आहे तेच शर्यत जिंकणार, आणि ती निवड कर्तृत्वाची असणार नाही. शिवाय राज्य चालवणाऱ्याला एकेका माणसाची पारख करायला ना वेळ असतो ना तेवढं ज्ञान. समता कल्पित असेलही, तरी कारभाराचं तत्त्व म्हणून तीच स्वीकारावी लागते, हा त्यांचा निष्कर्ष. 'माणसं सारखी आहेत' या माहितीवर त्यांची समता उभीच नाही. ती कसं वागायचं याचा निर्णय आहे. माहिती खोटी ठरू शकते. निर्णय पाळला जातो किंवा मोडला जातो.

"पण तो माणसांनीच घेतलेला ना?" असं भाची म्हणेल, मला माहीत आहे. हो, माणसांनीच. किलोग्रॅमसुद्धा माणसांनीच ठरवला. १८८९ पासून २०१९ पर्यंत तो पॅरिसजवळ जपून ठेवलेला प्लॅटिनम-इरिडियमचा एक ठोकळा होता. तो ठोकळा आकाशातून पडला नाही, म्हणून वजनात मारणारा निर्दोष ठरत नाही. आपल्याकडे 'मापात पाप' म्हणतात ते उगाच नाही. मोजमापाची सारखी पद्धत यावी यासाठी माणसं भांडली आहेत. १७८९ मध्ये फ्रान्समधल्या गावागावांतून राजाकडे गाऱ्हाण्यांच्या वह्या गेल्या, त्यांत सगळीकडे एकच वजन-माप असावं ही मागणी पुन्हा पुन्हा येते, कारण जमीनदार आपल्या घरच्या मापाने धान्य मोजून घ्यायचा आणि ते माप वर्षानुवर्षं फुगत जायचं. माप खोटं आहे हे शेतकऱ्याला कसं कळलं? त्याच्या मनात एक खरं माप होतं म्हणून. ते तेव्हा कुठेही अस्तित्वात नव्हतं.

याच मापाने पुढे जाहीरनामे लिहिणाऱ्यांचीही झडती घेतली गेली. ओलाँप द गूजने 'माणूस' हा शब्द त्यांच्याकडून हिसकावून घेतला. १९४८ च्या मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यात 'ऑल मेन'च्या जागी 'ऑल ह्यूमन बीइंग्ज' आलं, ते भारताच्या प्रतिनिधी हंसा मेहतांनी धरलेल्या आग्रहामुळे. ढोंग उघडं पडतं ते ढोंग्याच्याच शब्दांनी, आणि ते शब्द पोकळ असते तर हे घडलं नसतं.

एक भ्रम मात्र आपल्या बाजूलाही आहे आणि तो मला लपवायचा नाही: शेवटी न्यायच जिंकतो. नाही जिंकत. पुष्कळदा हरतो, आणि हरलेल्याची कुणी नोंदही ठेवत नाही. भाची कोसळली ती याच भ्रमामुळे, आणि तिला तो लहानपणापासून गोष्टींतून भरवणाऱ्यांत मीही आहे. त्या बाईंना न्याय मिळाला नाही. व्याज मुलाला मिळेल, बाईंना काहीही मिळालं नाही. हे वाक्य मऊ करायचा मला अधिकार नाही. पण ऐक गं, "मिळाला नाही" हे तू म्हणू शकलीस आणि ते खरं आहे. सगळाच भ्रम असता, तर त्या अकरा वर्षांत काही चुकलं, असंही तुला म्हणता आलं नसतं.

हे सगळं मी तिला काल रात्री सांगितलं, तुकड्यातुकड्यांत. तिला पटलं की नाही, ती बोलली नाही. त्याच कारखान्याविरुद्धचे आणखी चार दावे पडून आहेत, त्यातल्या एका बाई बहात्तर वर्षांच्या आहेत. आज सकाळी तिने लवकर सुनावणी मिळावी म्हणून लिहिलेल्या अर्जाचा मसुदा मला वाचायला पाठवला. वकीलसाहेब तो सोमवारी दाखल करणार आहेत. बाईंचं वय तिने पहिल्याच ओळीत घेतलंय, आकड्यात आणि पुढे पुन्हा अक्षरात.