कायमचं पाहुणं कसं व्हावं

टीव्हीवर नाव काढायचंय? मग आधी ती अभिनयाची शिबिरं बंद करा. रात्ररात्र एकांकिकेच्या तालमी करून आजवर कुणाचा बंगला झालाय? त्यापेक्षा झा झा गाबोर बाईंचा कित्ता गिरवा. बुडापेस्टच्या या बाई १९४१ साली अमेरिकेत आल्या आणि पुढे चाळीसेक वर्षं टीव्हीवर पाहुण्या म्हणून वावरल्या. कशाबद्दल बोलावलंय, हे विचारायची वेळ कुणावर आली नाही.

सुरुवात बदली म्हणून करावी. १९५१ साली लॉस एंजेलिसमध्ये प्रेमात पोळलेल्यांना सल्ला देणाऱ्या एका कार्यक्रमात एक पाहुणा कमी पडला. नवरा शूटिंगला इंग्लंडात, दीर कार्यक्रमात. त्यानंच वहिनींना खुर्चीत बसवलं. सूत्रधारानं हिऱ्यांचं कौतुक केलं, तर बाई म्हणाल्या, हे तर कामावर घालायचे! झालं काम. वशिला, दागिने आणि एक वाक्य. एवढ्या भांडवलावर तुम्हाला एकांकिकेत पडदा ओढायलाही कुणी ठेवणार नाही.

लग्नांच्या बाबतीत चिकटपणा नको. बाईंनी एकूण नऊ केली. दुसरे हॉटेलवाले कॉनराड हिल्टन. सहावे जॅक रायन. बार्बी बाहुलीच्या घडणीत त्यांचा हात. त्यांच्यापासून काडीमोड मिळवून देणारा वकील, तोच सातवा. आणि सातव्याचं प्रकरण पुरतं मिटायच्या आत आठव्याशी लग्न लागल्यामुळे ते रद्दच झालं. सांगा, विनोदांना एवढा घरचा मसाला असताना लेखक कशाला पोसायचा?

भूमिका आलीच तर जीव तोडून करू नये. १९५२ च्या 'मूलाँ रूज' या सिनेमात बाई गायल्या, पण गळा दुसरीचा.

धंदा मंदावला, तर थोबाडीत मारावी. १९८९ मध्ये बेव्हर्ली हिल्सला नोंदणीची मुदत उलटली म्हणून पोलिसानं बाईंची रोल्स रॉइस अडवली. बाईंनी त्याला लगावली. खटला, कॅमेरे, तीन दिवस कोठडी. आणि १९९१ साली 'नेकेड गन' या पोलिसी विनोदपटाच्या दुसऱ्या भागात श्रेयनामावलीतच बाई पुन्हा हजर, पोलिसांच्या गाडीवरच्या लाल दिव्याला चापट मारायला!

आपल्याकडे हा प्रयोग करणार असाल, तर गाडी मात्र रोल्स रॉइसच काढा. स्कूटीवरून हात उगारलात, तर सरकारी कामात अडथळ्याचं कलम तेवढं लागेल, बोलावणं कुठल्याच चॅनेलचं येणार नाही.