गाडी ९४च्या पुढे जात नाही

आयर्लंडमधल्या लिमरिकला जुनी गाडी घेतली तेव्हा आधीच्या मालकाने दोन गोष्टी सांगितल्या नाहीत. एक, डिकीत पाणी गळतं. दोन, सीडी प्लेअरमध्ये सीडी अडकलेली आहे. गळतीवर टेप लावली.

सीडी क्रॅनबेरीज या बँडची, 'स्टार्स'. २००२ साली निघालेला निवडक गाण्यांचा संग्रह, एकूण वीस गाणी. बाहेर काढायचं बटण दाबलं की आत खर्रर्र होतं, सीडी नखभर बाहेर डोकावते आणि कासवासारखी मान आत घेते. भुवयांचा चिमटा झाला, लोणी लावायची सुरी झाली. रेडिओचं बटण दाबावं तर तेही फितूर, सीडीच लावतं.

"मग बंदच ठेव की," असं नवरा म्हणतो. तो बसने जातो. प्लेअर बंद केला की वायपरचं रबर काचेवर किंचाळताना ऐकू येतं, आणि वायपर न लावता गाडी चालवायचे लिमरिकमधले दिवस बोटांवर मोजावेत.

बरं, गाणी वाईट आहेत का? मुळीच नाही. अडचण अशी की ती साधारण कालक्रमाने लावलीत आणि प्लेअरला स्मरणशक्ती नाही. किल्ली फिरवली की १९९२, 'ड्रीम्स'. वळणावर 'लिंगर', ९३. शाळेच्या फाटकाशी पोचेपर्यंत ९४ साल लागतं आणि 'झॉम्बी' सुरू होतं. लेकाला सोडायला गाडी बंद, परत आले की पुन्हा १९९२. ऑफिसच्या पार्किंगमध्ये पुन्हा ९४. संध्याकाळी हेच उलट्या दिशेने. नव्वदच्या दशकाचा उत्तरार्ध मला ठाऊकच नाही.

'झॉम्बी'वर मात्र विनोद करवत नाही. १९९३मध्ये इंग्लंडमधल्या वॉरिंग्टनला आयआरए या आयरिश सशस्त्र संघटनेच्या बॉम्बने दोन मुलं गेली, त्यावरचं ते गाणं. शाळेच्या फाटकाशी ते लागतं तेव्हा मी आवाज कमी करते. लेक वाढवतो.

शेवटी गॅरेज गाठलं. मेकॅनिकने वाकून ऐकलं आणि विचारलं, "डोलोरेसला काढायचं?" आपल्याकडच्या गॅरेजवाल्याला डॅशबोर्डवरचा गणपती उपटायला सांगितलं तर तो बघेल, तसा बघत होता. बँड या गावचा, आणि त्याची गायिका डोलोरेस ओरिऑर्डन इथून जवळच्याच बॅलिब्रिकनची. २०१८च्या जानेवारीत ती गेली. त्याच वर्षी लिमरिकने ४५ वर्षांनी हर्लिंग या आयरिश खेळाचं ऑल-आयर्लंड विजेतेपद जिंकलं, तेव्हा डब्लिनच्या क्रोक पार्क स्टेडियममध्ये 'ड्रीम्स' लावलं होतं. हे त्याने मला स्पॅनर खाली ठेवून सांगितलं. स्पॅनर परत उचलला नाही. पैसेही घेतले नाहीत.

मग आई आली. डब्लिन विमानतळ ते लिमरिक म्हणजे दोनशे किलोमीटर, मध्ये गाडी बंद करायचं कारण नाही. एम-५० महामार्गावरच्या गर्दीतच मी आयुष्यात पहिल्यांदा ९६ ओलांडलं. आई निवांत ऐकत होती.

"गळा चांगलाय गं हिचा. पण सूर असा मध्येच का मोडते? सर्दी आहे का?"

"तसंच गाते ती."

"खडीसाखर आणलीय मी."

किल्डेअरच्या आसपास ९९ आलं, २००१ आलं. अठरावं गाणं मात्र सरळ ९४च्या अल्बममधलं निघालं! धस्स झालं. पण नाही, त्यापुढे या संग्रहासाठी केलेली दोन नवी गाणी होती. त्यातलं पहिलं सुरू झालं आणि आई म्हणाली, "जरा थांबव कुठेतरी, पाय आखडले."

पंपावर गाडी उभी केली, इंजिन चालूच ठेवलं. "तू जाऊन ये, मी बसते."

आई दार उघडून अर्धी बाहेर उतरली आणि थबकली. "अगं, बंद कर की! पेट्रोल काय फुकट येतं?"

चाळीस वर्षांची सवय. विसावं गाणं नुकतं कुठे लागत होतं. माझा हात आपोआप किल्लीकडे गेला.

आई परत आली, पट्टा लावला, पर्समधून खडीसाखर काढली. मी किल्ली फिरवली.

"हे ओळखीचं वाटतंय," आई म्हणाली.