'नर्स म्हणजे सैनिक नव्हे' म्हणणाऱ्यांना

गावच्या माजी सैनिकांच्या फलकावर लष्करात नर्स असलेल्या माझ्या आत्याचं नाव टाकायचं ठरलं आणि लगेच गावाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ती पोस्ट येऊन पडली. म्हणे 1992 आधी सैन्यात बायका नव्हत्याच, नर्सा पगारी नोकर होत्या, आझाद हिंद सेनेतली बायकांची राणी झाशी रेजिमेंट फोटोपुरती होती आणि युद्धात काम केलेल्या बायकांची स्मारकं जगात कुठंच नाहीत. आत्यानं वाचली. "राहू दे ना बापू, काहाले भांडतं," म्हणाली. मला राहवत नाही.

नर्सांचा मुद्दा आधी, कारण सगळ्यात विखारी तोच आहे. ही सेवा सशस्त्र दलांचा भाग आहे, असं 1943 च्या मिलिटरी नर्सिंग सर्व्हिसच्या वटहुकमातच लिहिलं आहे. नर्सिंग ऑफिसरला कमिशन, म्हणजे लष्करी अधिकारी म्हणून नेमणूक, मिळतं, हुद्दा लेफ्टनंटपासून सुरू होतो. याच सेवेतल्या जी. ए. राम 1976 साली मेजर जनरल झाल्या. आणि पगार? पगार जवानही घेतो; त्याला कोणी नोकर म्हणून दाखवावं. 1971 च्या डिसेंबरात आत्या लष्करी इस्पितळात होती. ब्लॅकआउट असायचा, खिडक्यांना काळा कागद, टॉर्चच्या काचेवर कापड. तेवढ्या उजेडात पाय गेलेल्या पोराची शीर शोधून सलाइन लावायचं. रक्तानं चिकटलेले बूट कात्रीनं कापून काढावे लागत. म्हणून तिचं नाव खाली वेगळ्या ओळीत 'श्रीमती' लावून नको. हुद्द्यासकट, बाकीच्यांच्या रांगेत हवं. कमिशनचे कागद घरी आहेत, ज्याला शंका असेल त्यानं येऊन पाहावेत.

1992 चं अर्धं खरं, तेवढं मान्य. डॉक्टर-नर्स सोडून इतर शाखांत बायकांना अधिकारी म्हणून घेणं तेव्हा सुरू झालं. पण विमेन्स ऑक्झिलरी कोअर, म्हणजे सैन्याच्या मदतीसाठी बायकांचं दल, 1942 सालीच उभी झाली होती. टेलिफोन, कारकुनी, गाड्या चालवणं, सगळं त्या बायका करत होत्या.

राणी झाशी रेजिमेंट 1943 मध्ये सिंगापूरला कॅप्टन लक्ष्मींच्या हाताखाली उभी राहिली. आघाडीवर लढायची संधी तिला मिळाली नाही, हे खरं. पण त्या पोरी बंदूक चालवायला शिकल्या, ब्रह्मदेशात गेल्या, मेम्योला जखमींची शुश्रूषा केली. फोटोसाठी कोणी एवढं करत नाही.

राहिली स्मारकं. लंडनला व्हाइटहॉलमध्ये 2005 पासून आहे. वॉशिंग्टनला 1993 पासून आहे, व्हिएतनाम युद्धातल्या बायकांचं; त्यात एक बाई जखमी सैनिकाला धरून बसली आहे. फॉरवर्ड करण्याआधी एवढं शोधायला दोन मिनिटं लागली असती.