हाताची घडी, ओव्हनवर डोळे

ब्रेड भाजण्याचं काम आळशी माणसाने अंगावर घ्यावं आणि कामसू माणसाने त्या दिवशी सरळ घराबाहेर निघून जावं, असं माझं आता ठाम मत झालं आहे. यीस्ट घालून मळायचा, फुगवायचा, बुक्के मारून पुन्हा मळायचा तो ब्रेड मी म्हणत नाही. त्यात हाताला भरपूर काम असतं आणि मनात कुणाबद्दल काही असेल तर तेही कणकेवर निघतं. मी म्हणते तो झटपट ब्रेड. यीस्ट नाही, मळणं नाही, बेकिंग पावडर आणि सोड्याच्या जिवावर फुगणारा. त्यातून झुकिनी घातलेला, चीज आणि मिरपुडीचा, तिखटमिठाचा. कृती वाचताना वाटतं, हात्तिच्या, एवढंच? किसा, मिसळा, भाजा. करायला घेतल्यावर कळतं की या कृतीत ‘करा’ची संख्या बोटांवर मोजण्याइतकी आणि ‘करू नका’ मात्र पानभर. शाळेत ज्यांना ‘हाताची घडी, तोंडावर बोट’ कधीच जमलं नाही, त्यांना ही जन्माची अद्दल आहे.

सुरुवात मात्र फसवी असते. सुरुवातीला झुकिनी असते.

झुकिनी ही स्वयंपाकात भाजी, वनस्पतिशास्त्रात फळ आणि प्रत्यक्षात पाणी. वजनातला जवळजवळ ९५ टक्के भाग पाण्याचा. भोपळ्याच्या कुळातली ही. पूर्वज मेक्सिकोकडचे, हजारो वर्षांपासून लागवडीत असलेले. तिथून ते युरोपात गेले आणि आजची लांबुळकी हिरवी झुकिनी एकोणिसाव्या शतकात उत्तर इटलीत घडली. एवढा प्रवास, एवढी पिढ्यान्‌पिढ्यांची निवड, आणि अंगात साठवलं काय तर पाणी! स्वभावाने भिडस्त. स्वतःचं मत नाही. चीजशेजारी बसवलं की चीजला मान डोलावते, मिरीशेजारी बसवलं की मिरीला. अशी माणसं घरात फार उपयोगाची असतात, पण त्यांच्या डोळ्यांत टचकन पाणी येतं, तसंच हिचं आहे. मिठाचा एक कण लागला की सुरू.

निवडताना मध्यम आकाराची, हाताला घट्ट लागणारी घ्यावी. वेलीवर राहून गेलेल्या हातभर लांब झुकिनीचा मोह पडतो, पण तिच्या पोटात बियांचा स्पंज असतो. तो चमच्याने खरवडून टाकावा लागतो, म्हणजे हातभर लांबीतली निम्मी ऐट तिथेच संपते. साल काढायची नाही. भाजून झाल्यावर ब्रेडमध्ये झुकिनी होती याला त्या हिरव्या ठिपक्यांखेरीज दुसरा पुरावा राहत नाही.

तीनेकशे ग्रॅम झुकिनी जाड किसणीवर किसायची, वर अर्धा चमचा मीठ भुरभुरायचं आणि वीस मिनिटं चाळणीत ठेवून द्यायची. मीठ पेशींमधलं पाणी बाहेर ओढतं. मग कीस सुती फडक्यात घ्यायचा, चारी टोकं गोळा करायची आणि पीळ द्यायचा. पहिल्या पिळाला धार लागते. फिकट हिरवी, किंचित फेसाळ. ती वाटीत पडावी अशी अपेक्षा असते, ती मनगटावरून कोपराकडे निघते. पाणी थांबलं की फडकं उघडायचं, कीस मोकळा करायचा, पुन्हा बांधायचं, पुन्हा पीळ. पुन्हा धार! मघाशी हे कुठे दडून बसलं होतं हे तीच जाणे. किसाचा डोंगर बसत बसत मुठीएवढा होतो, फडक्यावर हिरवा नकाशा उमटतो आणि आपला चेहरा लालबुंद होतो.

सासूबाई हे सगळं शांतपणे बघत होत्या.

“अगं, ते पाणी टाकू नकोस. कशात तरी घालू.”

“आई, खारट आहे ते.”

“मग मीठ कमी घालायचंस.”

“मीठ घातलं म्हणून तर पाणी आलं ना!”

“म्हणजे आधी पाणी काढायला मीठ घालायचं आणि मग मीठ आहे म्हणून पाणी टाकायचं,” असं म्हणून त्या वाटीकडे अशा नजरेने बघत राहिल्या की मलाच त्या पाण्याचं वाईट वाटायला लागलं. बरं, न पिळता घालावी तर हेच पाणी ओव्हनमध्ये सुटतं. कडा खरपूस आणि मध्यभागी ओला गचका, अशी स्थिती होते. बाकी किसात मीठ राहतंच आणि चीजही खारट असतं, त्यामुळे पिठात मीठ घालताना हात आखडता घ्यावा. हे मी सासूबाईंसमोर मोठ्याने म्हटलं नाही.

तर पिळेपर्यंत सगळं छान असतं. घाम येतो, बाही भिजते, आपण काहीतरी करतोय असं वाटतं. इथून पुढे कृतीचा सूर बदलतो.

एका भांड्यात कोरडं: दोन कप मैदा, दोन चमचे बेकिंग पावडर, अर्धा चमचा सोडा, मिरपूड, किसलेलं चीज. दुसऱ्यात ओलं: दोन अंडी, दही, तेल. कोरड्यात ओलं ओतायचं, पिळलेली झुकिनी घालायची आणि हलक्या हाताने खालून वर, खालून वर असं दहा-बारा वेळा फिरवायचं. आणि थांबायचं.

थांबायचं म्हणजे काय, तर मिश्रण गुठळ्यागुठळ्यांचं असताना, कडेला पिठाची पांढरी रेघ नुकती दिसेनाशी होत असताना, हात ‘आणखी दोनदा, फक्त दोनदा’ म्हणून शिवशिवत असताना चमचा खाली ठेवायचा. जन्मभर ज्या हाताला ‘गुठळी राहता कामा नये’ हेच शिकवलं, त्याला आता गुठळ्या राहू दे म्हणून समजवायचं! कारण शास्त्रीय आहे. मैद्यातली प्रथिनं ओली झाली आणि ढवळली गेली की त्यांचं ग्लुटेन बनतं. जितकं ढवळाल तितकं ते चिवट. यीस्टच्या ब्रेडला हे बळ हवं असतं, या ब्रेडला ते बाधतं. जास्त फिरवलं की आत उभी भुयारं पडतात आणि घास चावताना रबराची आठवण होते.

“आई, यात गुठळ्या आहेत,” लेक भांड्यात डोकावून म्हणाली.

“माहितीये.”

“मी मोडू?”

“हात लावायचा नाही.”

तिने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

गुठळ्यांकडे हताशपणे बघत बसायलाही वेळ नसतो, कारण दह्यातलं आम्ल आणि सोडा भेटल्याबरोबर बुडबुडे सुरू होतात आणि ते आपल्यासाठी थांबत नाहीत. ओव्हन आधीच १८० अंशांवर तापलेला हवा, टिनमध्ये बटर पेपर घातलेला हवा. मिश्रण ओतलं की थेट आत. हल्लीच्या बहुतेक बेकिंग पावडरी दोनदा काम करतात, एकदा ओलं झाल्यावर आणि एकदा उष्णता लागल्यावर, तेवढाच काय तो दिलासा. बेकिंग पावडरची गोष्टही गोड आहे. १८४३ साली इंग्लंडमध्ये आल्फ्रेड बर्ड या रसायनतज्ज्ञाने ती तयार केली, कारण त्याच्या बायकोला यीस्ट सोसत नव्हतं. ही गोष्ट मी नवऱ्याला पुरेसे थांबे घेऊन सांगितली. तो म्हणाला, “मग बिचारीने नुसतं लोणी खाल्लं असतं तर?” काही माणसांच्या हातून शोध लागत नाहीत, त्याचं कारण हे असं असतं.

आता पन्नास-पंचावन्न मिनिटं. या काळात ओव्हनचं दार उघडायचं नाही. निदान पहिली पस्तीस मिनिटं तर नाहीच, कारण आतला बुडबुड्यांचा डोलारा अजून कच्चा असतो. दार उघडलं की गरम हवा बाहेर, डोलारा खाली आणि मध्ये खड्डा. मी ओव्हनसमोर स्टूल घेऊन बसते. बसण्याची काही गरज नसते, पण दाराशी पहारा लागतो आणि बाहेरच्यांपेक्षा मला स्वतःपासूनच जास्त धोका असतो.

पहिली वीस मिनिटं काचेतून काहीही दिसत नाही. म्हणजे ब्रेड दिसतो, तो काही करताना दिसत नाही. मग कडा हलतात. मग मधला भाग उचलला जातो आणि वरच्या सालीला एक लांबलचक भेग पडते. ही भेग बघून घाबरू नये. वरची साल आधी घट्ट होते आणि आतलं मिश्रण नंतर फुगतं, मग ते वाट काढतं. पण आपण घाबरतोच. मधूनच ओव्हनचा दिवा जातो, पुन्हा येतो. ओव्हन आपला तापतो, थांबतो, पुन्हा तापतो. बटण १८० म्हणत असताना आत खरोखर किती आहे हे आत ठेवायच्या तापमापकाखेरीज कुणी सांगू शकत नाही. कृतीतल्या वेळेवर म्हणूनच माझा विश्वास नाही.

चाळिसाव्या मिनिटाला वास सुटतो आणि घरात इतका वेळ बेपत्ता असलेली माणसं उगवायला लागतात.

“जरा उघडून बघू का?” नवरा.

“नको.”

“नुसती फट.”

“फटसुद्धा नको.”

पन्नास मिनिटांनी काडी खुपसायची परवानगी मिळते. कोरडी निघाली तर झालं, ओली निघाली तर अजून पाच मिनिटं. टूथपिक इथे बुटकी पडते, म्हणून मी सासूबाईंची विणकामाची सुई धुऊन घेतली. ती बाहेर काढली तर टोकाला काहीतरी चिकट, पिवळसर. आता हे कच्चं मिश्रण की वितळलेलं चीज? मी बघितलं, नवऱ्याने बघितलं, सासूबाईंनी चष्मा लावून बघितलं. मत विभागलं गेलं. लेकीने पुढे होऊन ते चाटलं आणि “चीज” म्हणून निकाल दिला. तरी खात्रीसाठी दुसऱ्या जागी टोचलं, मग तिसऱ्या. मांसाला वापरायचा टोकदार तापमापक घरात असेल तर हा प्रश्न सुटतो: मध्यभागी ९५ अंशांच्या आसपास दिसलं की ब्रेड तयार. पण मग चाटायला काही मिळत नाही.

बाहेर काढल्यावर तरी खायचं? छे. दहा मिनिटं टिनमध्ये, म्हणजे अंग धरतो. मग जाळीवर, नाहीतर वाफेने बूड ओलं होतं. आणि मग तासभर तरी सुरी लावायची नाही. आतला स्टार्च अजून बसत असतो, गरम कापला की स्लाइस दबते आणि सुरीला लगदा येतो. या तासात नवरा जाळीभोवती फिरताना दिसला, सासूबाई ‘नुसता वास घ्यायला’ तीनदा उठल्या आणि लेकीने भेगेतून निघालेला चीजचा एक खरपूस तुकडा ‘आपोआप पडला’ म्हणून खाल्ला.

अखेर कापला. साल कुरकुरीत, आतून मऊ, दमदार, मिरी नेमकी घशाशी लागणारी. जागोजागी हिरवे ठिपके. लेकीने ते नखाने कोरून ताटलीच्या कडेला रांगेत लावायला घेतले. सासूबाईंनी दुसरी स्लाइस घेतली आणि झुकिनी पिळलेलं पाणी यातच घातलं असतं तर किती बरं झालं असतं, हे पुन्हा एकदा सांगितलं.

नवरा म्हणाला, “मस्तच गं! आणि करायलाही सोपा दिसतोय. तू तर अख्खी दुपार स्टूलवर बसून होतीस.”

उरलेला ब्रेड ओलसर असल्यामुळे बाहेर फार टिकत नाही. कापून फ्रीजरमध्ये टाकावा आणि लागेल तशी स्लाइस तव्यावर लोणी सोडून परतावी. खरं सांगायचं तर हा प्रकार मूळ ब्रेडपेक्षाही चांगला लागतो. शिवाय तिथे उलटायला, दाबायला, उचलून खालून बघायला आणि पुन्हा उलटायला कुणाची बंदी नाही. मी एकेक स्लाइस गरजेपेक्षा कितीतरी जास्त वेळा उलटते.