दोन वाजून सात मिनिटांनी

मी खुर्चीत नीट टेकलेही नव्हते, तोच वेटर आला आणि त्याने मनगटावरचं घड्याळ माझ्या नाकासमोर धरलं. दोन वाजून सात मिनिटं. स्वयंपाकघर बंद. बरं, मग कॉफी दे. कॉफीही नाही, मशीन धुऊन ठेवलंय. बरं बाबा, नुसती पाच मिनिटं बसते. तर म्हणे, खुर्च्या गिऱ्हाइकांसाठी आहेत. अंगणात चौदा रिकाम्या खुर्च्या होत्या. मी मोजल्या. अजून रात्री झोप आली नाही की मोजते.

गावाचं नाव कोंक. दक्षिण फ्रान्स, आव्हेरों जिल्हा. लेक तुलूझला विमानांच्या कामात आहे, तिथून गाडीने अडीच तास. गाव डोंगराच्या कुशीला असं चिकटलंय की कुठेही जायचं तर चढ नाहीतर उतार. घरांच्या छपरांवर माशाच्या खवल्यांसारख्या दगडी चकत्या. सुंदर आहे, नाही कोण म्हणतं? पण माझ्या गुडघ्यांना त्या गावात सपाट अशी एकच जागा सापडली होती आणि तिथून मला उठवलं.

"आई, चल, तिकडे बाक आहे," लेक हळूच म्हणाला. त्याला माझा आवाज चढायच्या आधी कळतो.

बाकावर एक आजोबा होते. डोक्यावर चपटी टोपी, हातात काठी, पायाशी पडवळासारखं लांबट कुत्रं. लेकाने आधी बोंजूर केला, हवापाणी झालं, मग विचारलं, इथे जवळपास खायला काही मिळेल का? आजोबांनी काठी चर्चच्या दोन मनोऱ्यांवर रोखली आणि म्हणाले, "सन ८६६."

पुढे सगळं लेकाच्या भाषांतरातून.

सांत फ्वा ही आजां गावची पोरगी, जेमतेम बारा-तेरा वर्षांची. धर्म सोडत नाही म्हणून ३०३ साली रोमन अधिकाऱ्याने तिला मारलं. तिच्या अस्थी आजांला होत्या आणि तिथे नवस फेडायला ही गर्दी. कोंकच्या मठात मात्र शुकशुकाट. मग इथला एक साधू आजांला गेला, तिथल्या मठात राहिला, आणि दहाएक वर्षं इतका गुणी बाळासारखा वागला की त्यांनी त्यालाच समाधीची राखण दिली. एका रात्री तो अस्थी घेऊन थेट इथे.

"म्हणजे चोरी केली," मी म्हणाले.

लेक म्हणाला, "आई, हे मी नाही विचारणार." विचारायला लावलं.

आजोबांचा चेहरा पडला. "चोरी नाही, मॅडम. स्थलांतर."

"आजांवाल्यांना सांगून?"

"सांत फ्वाला इथे यायचं होतं. नसतं यायचं तर ती आली असती का?"

मी तेहतीस वर्षं बँकेत काढली, त्यातली नऊ लॉकरच्या किल्ल्या सांभाळण्यात. दहा वर्षं विश्वास कमावून मग हात मारणारी माणसं असतात, पण 'लॉकरलाच यायचं होतं' असा जबाब कुणी दिल्याचं मला आठवत नाही. हे लेकाने भाषांतरात गाळलं.

"आणि पाव कुठे मिळेल?" मी विचारलं.

पावाचं दुकान चारला उघडतं. तोवर आजोबा सोन्याकडे वळले. सांत फ्वाची बसलेली मूर्ती, ८५ सेंटीमीटर, सोन्याच्या पत्र्याने मढवलेली, अंगभर खडे. देवीला दागिन्यांची भारी हौस. तुलूझच्या सरदारणीच्या स्वप्नात जाऊन तिने सोन्याच्या वाक्या मागितल्या. सरदारीणही वस्ताद, म्हणाली देते, पण मुलगा पाहिजे. व्यवहार झाला. (हे मला एकदम ओळखीचं वाटलं आणि तेवढ्यापुरता राग ओसरला.) फ्रेंच राज्यक्रांतीत गावकऱ्यांनी हा खजिना आपापल्या घरांत, परसात लपवला आणि नंतर परत आणून दिला. म्हणजे ह्या गावात सोनं घरी ठेवून परत करणाऱ्यांवर भरवसा, आणि माझ्यावर एका खुर्चीपुरताही नाही!

पाठीवर पिशव्या, पिशव्यांना शिंपले टांगलेली माणसं समोरून लंगडत चालली होती. ल पुईहून स्पेनमधल्या सांत्यागोपर्यंत ही त्यांची वारी, वाटेत कोंक. मला आमच्या इथली वारी आठवली. रस्त्यावर कुणीही थांबवतं, पिठलं-भाकरी हातावर ठेवतं, आणि वर पाया पडतं. घड्याळ बघत नाही. लेक म्हणाला, इथेही मठवाले चालत आलेल्यांना जेवू घालतात, झोपायला जागा देतात. आपण गाडीने आलो. बरोबर आहे. पण ती खुर्ची मठाची नव्हती.

शेवटी चर्चच्या दारासमोर पायरीवर बसून मी पिशवीतल्या दशम्या काढल्या. दारावर बाराव्या शतकातला न्यायनिवाड्याचा देखावा कोरलाय, १२४ आकृत्या. उजवीकडे नरक. कंजूष माणूस गळ्यात पैशाच्या थैलीसकट लटकतोय. चोरून शिकार करणाऱ्याला ससा भाजतोय. वेटर शोधला, नाही सापडला. कमानीच्या कडेवरून मात्र छोटे छोटे चेहरे खाली डोकावतात, शेजारच्या गॅलरीतून ताटात काय आहे ते बघणाऱ्यांसारखे. शेंगदाण्याच्या चटणीचा डबा उघडला तेव्हा सगळे बघत होते.

आजोबा काठी टेकत मागोमाग आलेच. काचा राहिल्या होत्या. पिएर सुलाज, रोदेझचा चित्रकार, १९८७ ते १९९४ एवढी वर्षं खपून १०४ खिडक्या, आणि रंग एकही नाही! पांढुरकी काच आणि काळ्या रेघा. "सात वर्षं!" आजोबा म्हणाले. हे कौतुक होतं की तक्रार, ते लेकालाही कळलं नाही.

माझी आई सांगायची, दारात आलेल्याला विचारल्याशिवाय घास घेऊ नये. मी दशमी पुढे केली, वर चटणी. आजोबांनी टोपी काढली, झुकून आभार मानले, मग घड्याळ पाहिलं. पावणेतीन.

"मॅडम, ही जेवायची वेळ नाही."

कुत्र्याने दोन दशम्या खाल्ल्या. आजोबा वाकून त्याच्याशी बराच वेळ काहीतरी बोलले. त्याचं भाषांतर लेकाने अजून केलेलं नाही.