तुरीचं काऊन काढलं?

पुसदच्या एका पोरानं काल मेसेज केला, "दादा, डॉक्युमेंटरी एडिटिंगमध्ये करिअर होते का?" एका ओळीत उत्तर देणं जमेना, म्हणून इथं लिहितोय.

होते. पण लग्नाचे व्हिडिओ कापण्यापेक्षा हे काम फार वेगळं आहे. कथापटाच्या एडिटरजवळ पटकथा असते. आपल्यापुढं ४०-५० तासांचं फुटेज येऊन पडतं आणि त्यातून ५२ मिनिटांची फिल्म शोधायची असते. सुरुवातीची वर्षं असिस्टंट म्हणून जातात. कॅमेऱ्याची कार्डं कॉम्प्युटरवर उतरवा, दोन हार्डडिस्कवर बॅकअप घ्या, आवाज सिंक करा, मुलाखती शब्दन्‌शब्द लिहून काढा. या लिहून काढण्याचा कंटाळा करू नको. मी तिथंच शिकलो.

आता जे सांगायचंच आहे ते. विदर्भावरची फिल्म म्हटली की भेगाळलेली जमीन, हार घातलेला फोटो आणि डोळ्याला पदर लावलेली बाई. मीही हेच कापलं आहे. घाटंजीकडच्या एका काकूंची मुलाखत होती. नवरा गेलेला, पाच एकर कोरडवाहू. पऱ्हाटीत, म्हणजे कपाशीत, वेचणी करता करता बोलत होत्या. कर्जाचं सांगताना आवाज अडकला, त्या थांबल्या. मी तिथंच कट मारून रिकाम्या वावराचा शॉट लावला. मुंबईच्या निर्मात्यांना तो कट फार आवडला. पुढं गावात मारुतीच्या देवळासमोर पडदा बांधून फिल्म दाखवली. संपल्यावर काकू जवळ आल्या. "बाबू, मी त पुढंही बोलली होती ना. तूर कशी फुलावर आली ते सांगतलं होतं तुले. ते काऊन काढलं?"

मला उत्तर देता आलं नाही.

घरी येऊन रशेस, म्हणजे न कापलेलं मूळ फुटेज, लावले. थांबल्यावर काकू ११ सेकंद गप्प आहेत. हात मात्र चालूच, बोंडातून कापूस निघतोय, ओटीत जातोय. मग मान वर करून तुरीचं बोलतात, आणि हसतात. अख्खी बाई त्या ११ सेकंदांच्या पलीकडं होती.

म्हणून माझं ठाम मत आहे की आपल्याकडच्या फुटेजवर आपली पोरं बसली पाहिजेत. 'उलंगवाडी झाली' म्हणजे कपाशीचा अख्खा हंगाम आटोपला. सबटायटलमध्ये उरतं 'कापूस संपला', आणि बाहेरचा एडिटर तेवढं वाचून कापतो. माणसाचं बोलणं संपलं आहे की तो नुसता दम घेतोय, हे ज्याला ती बोली येते त्यालाच ऐकू येतं.

दीपा भाटिया मुळात एडिटर, 'तारे जमीन पर' त्यांनीच एडिट केला. पत्रकार पी. साईनाथ आणि इथल्या शेतकरी आत्महत्यांवरची 'नीरोज गेस्ट्स' ही २००९ची फिल्म त्यांनी दिग्दर्शित केली. डॉक्युमेंटरीवाले आनंद पटवर्धन आपल्या फिल्म स्वतः एडिट करतात. 'जय भीम कॉम्रेड'ला १४ वर्षं दिली. एवढा धीर लागतो.

पैसे हप्त्याहप्त्यानं येतात, कधी अडकतात. संस्थांचे छोटे व्हिडिओ करून घर चालवावं लागतं. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म शिकवणाऱ्या संस्थेत प्रवेश मिळाला तर जरूर जा. नाही मिळाला तर दा विंची रिझॉल्व्ह हे एडिटिंगचं सॉफ्टवेअर फुकट मिळतं, त्यावर आपल्याच आजीची मुलाखत कापून बघ.

दिवाळीत मी गावी आहे. ये. काकूंचा सीन तुरीसकट पुन्हा लावलाय, तो दाखवतो. हेडफोन मात्र चांगला आण.