जॅकीचे पिक्चर एचडीत बघू नका म्हणे! का बुवा?

"जॅकी चॅनचे जुने कुंगफू कॉमेडी पिक्चर घरी एचडीत लावू नका, सगळी मजा जाते" असा एक मेसेज सध्या ग्रुपाग्रुपात फिरतोय. कारणं दिलीत चार. कॉमेडीला एचडी कशाला, जुना पिक्चर एचडी होऊच शकत नाही, चुका, डुप्लिकेट आणि न जुळणारे ओठ-आवाज उघडे पडतात, आणि मोठ्या टीव्हीवर सगळं नकली वाटतं. वाचून डोकं फिरलं म्हणून लिहितोय.

पहिलं कारण तर उलटंच आहे. या पिक्चरांत जोक डायलॉगात नसतोच, तो अंगात असतो. 'पोलीस स्टोरी' (१९८५) मधला फोनचा सीन आठवा, गावातल्या पोलीस चौकीत जॅकी एकटा, चार ठिकाणचे फोन एकदम वाजतायत, वायरींचा गुंता झालाय, कुठला रिसीव्हर कुठल्या कानाला तेच कळत नाही, आणि शेवटी बिचारा दोन पेन्सिलींनी नूडल्स खातो. किंवा शेणात पाय पडल्यावर तो पुसायला केलेला मूनवॉक. यात हसायचं ते बोटांकडे, पावलांकडे, चेहऱ्यावरच्या त्या अर्ध्या सेकंदाच्या वैतागाकडे बघून. धूसर चित्रात यातलं निम्मं निसटतं आणि उरतो फक्त गोंधळ.

दुसरं, "जुना आहे म्हणून एचडी होत नाही". अरे बाबांनो, हे पिक्चर ३५ एमएम फिल्मवर शूट झालेत, फिल्मला पिक्सल नसतात, आणि निगेटिव्ह नीट सांभाळली असेल तर तिच्यात एचडीपेक्षाही जास्त तपशील असतो. म्हणून तर 'पोलीस स्टोरी'चं ४के रिस्टोरेशन (जुनी फिल्म साफ करून फुल एचडीच्या चौपट पिक्सलमध्ये केलेली नवी कॉपी) होऊ शकलं. कमी होतं ते आपण भाड्याने आणायचो त्या व्हीसीडीत. तिचं चित्र ३५२ बाय २८८ पिक्सल, फुल एचडी १९२० बाय १०८०, म्हणजे साधारण २० पट फरक. त्यात मूळ पिक्चर रुंद, उंचीच्या २.३५ पट, आणि आपला डबा टीव्ही चौकोनी, मग बऱ्याचदा कडा कापूनच दाखवायचे. पूर्ण उंची भरायची तर चित्राचा ४० टक्क्यांहून जास्त भाग बाहेर जातो! लाथ मारणारा एका टोकाला, उडून पडणारा दुसऱ्या टोकाला, आणि आपल्याला मधली भिंत. लहानपणी ज्याला आपण "फास्ट फायटिंग" म्हणायचो त्यातलं थोडं नुसतं न दिसणं होतं.

चुका दिसतात? दिसू देत की! १९८२ च्या 'ड्रॅगन लॉर्ड'पासून जॅकी स्वतःच पिक्चरच्या शेवटी फसलेले शॉट दाखवत आलाय, पडलेला, आपटलेला, सगळे हसतायत. ज्या माणसाने आपल्या चुका नावांच्या पाटीबरोबर दाखवल्या त्याच्या चुका झाकायला आपण चित्र खराब करून बघायचं, हे काय लॉजिक आहे? हां, काही ठिकाणी डुप्लिकेट आहेत, दिसतातही. पण 'प्रोजेक्ट ए' (१९८३) मध्ये घड्याळाच्या टॉवरवरून कापडी छपरं फाडत खाली येतो तो जॅकीच, आणि ते पडणं पिक्चरमध्ये एकाहून जास्त वेळा दाखवलंय. एचडीत तोच आहे हे कळतं तेव्हा पोटात गोळा येतो. हाँगकाँगचाच दुसरा कॉमेडी नट-दिग्दर्शक स्टीफन चाऊ, त्याच्या 'कुंगफू हसल' (२००४) मध्ये घरमालकीण पळताना पायांची चाकं होतात, ते नकली दिसतं कारण ते कार्टूनच आहे. त्यात पकडायचं काय?

ओठ आणि आवाज जुळत नाहीत हे पण एचडीच्या नावावर खपवलंय मेसेजवाल्याने. त्या काळी हाँगकाँगमध्ये शूटिंगला आवाज घ्यायचेच नाहीत बहुतेक, मागाहून डबिंग, कँटोनीजमध्ये सुद्धा. हिंदी डबिंगची मजा वेगळी हे मान्य, पण तो विषय कानाचा झाला.

आता "नकली वाटतं" यात थोडं तथ्य आहे, फक्त आरोपी चुकलाय. बऱ्याच नवीन टीव्हीत मोशन स्मूदिंग आधीपासून चालू असतं, सेकंदाला २४ फ्रेमच्या पिक्चरमध्ये टीव्ही स्वतःच्या मनाने मधल्या फ्रेम घुसडतो आणि मग फायटिंग संध्याकाळच्या सिरियलसारखी दिसते. या पिक्चरांना ते जास्तच झोंबतं, कारण काही शॉट मुद्दाम कमी फ्रेमने शूट करून किंचित पळवलेले असतात, तो टायमिंगचा खेळ आहे. सेटिंगमध्ये जाऊन ते बंद करा, फिल्ममेकर मोड (पिक्चर मूळ आहे तसा दाखवणारं सेटिंग) असेल तर तोच लावा, आणि शार्पनेस खाली आणा. दुसरी गोष्ट, एचडी लिहिलेलं सगळं एचडी नसतं. जुनी डीव्हीडीच ताणून मोठी केलेली असते, नाहीतर फिल्मचा दाणा, म्हणजे चित्रावरचे बारीक ठिपके, पुसून टाकतात आणि जॅकीचा चेहरा मेणाचा होतो. गालावर घाम आणि धूळ वेगवेगळी दिसत नसेल तर ती कॉपी बंद करून दुसरी शोधा.